दादाची पावणेदोन मिनिटं

किस्से कोणी ठरवून साठवत नाही. व्हॅनच्या डॅशबोर्डवर पार्किंगच्या पावत्या साठतात तसे ते साठतात आणि एक दिवस जोरात ब्रेक लागला की सगळे पायाशी येऊन पडतात. आमचा ब्रेक जानेवारीत लागला. माझा थोरला भाऊ मंगेश, म्हणजे दादा, सकाळी कांदा चिरता चिरता खुर्चीत बसला आणि उठलाच नाही. वय अडतीस.

दादाचे फोटो पुष्कळ आहेत. व्हिडिओ एकही नाही, कारण फोन कायम त्याच्याच हातात आणि तो दुसऱ्यांचे काढायचा. हलणारा-चालणारा दादा जगात एकाच जागी उरला होता. एका फ्रेंच पोराच्या नव्या सिनेमात, पावणेदोन मिनिटं. आणि दिग्दर्शक बाई म्हणत होत्या, सिनेमा बारा मिनिटं जास्त झालाय, कापावा लागेल.

त्या दिवसांत मला झोप नव्हती. भेटेल त्याला मी हे किस्से सांगत सुटलो होतो.

*

आधी आमची ओळख. वहिनी डच मुलखात, आइंडहोव्हनला, चिपच्या मशिनी बनवणाऱ्या कंपनीत इंजिनिअर. दादा कराडहून तिच्या मागे आला, मी दादाच्या मागे आलो. वहिनीच्या ऑफिसातल्या मराठी पोरांना आम्ही डबे द्यायचो. आमचा सिनेमाशी संबंध तिकिटापुरता.

मग ग्रोनिंगनला एका सिनेमाचं शूटिंग सुरू झालं. हिरो एमिल, पॅरिसचा, वय एकवीस, गालाला खळगे, डोळे कायम आत्ताच कोणी रागावल्यासारखे. पहिल्या दिवशी दुपारी युनिटला डच पद्धतीचं जेवण आलं. गार पाव, त्यावर चीज, सोबत ग्लासभर दूध. एमिलने पाव उचलून पाहिला, खाली ठेवला आणि विचारलं की हे जेवणाआधीचं आहे का?

तेच जेवण होतं. एमिल जाऊन गाडीत बसला. फ्रेंच माणूस दुपारी गरम जेवतो, बसून जेवतो. डच माणसाला दुपारी गरम जेवण म्हणजे कोणीतरी आजारी आहे असं वाटतं. दीड दिवस शूटिंग बंद! प्रॉडक्शनच्या बाईचा नवरा वहिनीच्या ऑफिसात आमचा डबा खायचा. त्याने नंबर दिला.

आम्ही पहाटे निघून ग्रोनिंगनला पिठलं-भाकरी घेऊन पोचलो. एमिल तीन भाकऱ्या जेवला, बसून. दादा मला म्हणाला, "सिनेमा चालो न चालो, पोरगं जेवलं."

*

त्या सिनेमात एमिल उपाशी विद्यार्थ्याचं काम करत होता. दिग्दर्शक हेनीबाईंनी त्याला मुद्दाम आठ किलो वाळवलं होतं. हे आम्हाला कोणी सांगितलं नव्हतं.

दादाला उपाशी पोरगं बघवत नसे. रोज वाटीभर तूप आणि वर संध्याकाळचा डबा. तीन आठवड्यांनी हेनीबाईंच्या लक्षात आलं की हिरो दार उघडून बाहेर पडतो तेव्हा गाल आत आहेत आणि रस्त्यावर पाऊल टाकतो तेव्हा गाल बाहेर आले आहेत. बाई फार चिडल्या. पण पुन्हा वाळवायला वेळ नव्हता, तसाच सिनेमा पूर्ण झाला.

त्याला बक्षीस मिळालं. पेपरात कोणीतरी लिहिलं होतं की या तरुण नटाच्या चेहऱ्यावर दृश्यागणिक आशा उमलत जाते. वहिनीने ते वाचून मराठीत सांगितलं. दादाने कात्रण व्हॅनमध्ये चिकटवलं आणि म्हणाला, "आशा नाही ती. साजूक तूप आहे."

*

दुसऱ्या सिनेमाच्या वेळी एमिलने करारातच आमचं नाव घातलं. त्याचा खेळ युट्रेख्टला लागला तेव्हा आम्हाला आमंत्रण होतं. दादाने लग्नातला कोट घातला.

सिनेमात एमिल एका बांधावरून चालतो. बराच वेळ चालतो. मध्ये मेंढ्या येतात आणि जातात. दादाला झोप लागली. चांगली अर्ध्या तासाची झोप काढून तो उठला, तर एमिल अजून बांधावरच होता.

बाहेर सगळे एमिलला गराडा घालून मोठमोठं बोलत होते. दादा गर्दीतून आत शिरला, त्याच्या पाठीवर हात ठेवून इंग्रजीत काळजीने विचारलं, "पोचलास का रे शेवटी?"

एमिलने हेनीबाईंना हाक मारून तोच प्रश्न विचारला. हेनीबाई विचारात पडल्या. म्हणाल्या, हे आम्ही ठरवलंच नव्हतं.

*

तिसरा सिनेमा, म्हणजे हा नवा, डेल्फ्टला. यात एमिलला सायकल चालवायची होती. पॅरिसच्या सायकलला ब्रेक हातात असतो. इथल्या जुन्या सायकलींना तो पायात असतो, पेडल मागे दाबायचं. एमिलला हे चार वेळा सांगितलं. पाचव्या वेळी तो दोन्ही हातांनी नसलेला ब्रेक दाबत थेट कालव्यात गेला. वर आला तेव्हाही मुठी आवळलेल्याच होत्या.

विमावाल्यांनी सांगितलं की पोराला पुन्हा सायकलवर बसवू नका. पाठमोरा शॉट होता, तेव्हा दुसरा कोणी शोधा. हेनीबाईंनी इकडे तिकडे बघितलं. दादा भांडी घासत होता. उंची सारखी होती. घेर नव्हता.

दादाला एमिलचा कोट चढवला. पुढून एकही बटण लागेना. हेनीबाई म्हणाल्या, पाठीला बटणं नसतात. एमिलची टोपी घालून दादा माझ्यासमोर उभा राहिला, पोट बाहेर, मिशी तशीच, आणि म्हणाला, "सुन्या, फ्रेंच दिसतोय का?"

मी म्हणालो, पाठ फिरव. त्याने फिरवली. खरंच दिसत होता.

*

दादा गेल्यावर लोक भेटायला यायचे आणि बोलायचे. देवाला चांगली माणसं लवकर लागतात, वगैरे. एकाने मला सोफ्यावर बसवून व्हॅन विकणार आहेस का म्हणून विचारलं. मी त्याला चपलांसकट बाहेर काढलं.

एमिल पॅरिसहून ट्रेनने आला. आला तो दादाच्या फोटोसमोर जमिनीवर बसला. तीन तास बसला. एक शब्द नाही, एक हुंदका नाही, फक्त बघत होता. मधून मी पाणी दिलं, ते प्यायला. मग उठला, वहिनीला नमस्कार केला आणि गेला. न बोलता बसण्याचं त्या पोराला देशोदेशी बक्षीस मिळालेलं आहे.

दार लावून वहिनी म्हणाली, "सगळ्यांत बरं हाच बोलला."

*

सिनेमा कापणार हे कळल्यावर मी हेनीबाईंना फोन केला आणि नको ते बोललो. दादा कापलात तर तुमच्या युनिटला जन्मभर गार पाव मिळेल असा शाप दिला. फोन ठेवल्यावर लाज वाटली, म्हणून तसाच व्हॅन काढून त्यांच्या घरी गेलो. बेल वाजवली. त्यांनी दार उघडलं आणि मला तिथेच दारात रडू फुटलं.

बाई मनाने चांगल्या. त्यांचेही डोळे भरले. त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला, दुसऱ्या हाताने डायरी उघडली आणि म्हणाल्या, पुढच्या महिन्यात अठरा तारखेला, गुरुवारी, साडेदहाला चालेल का? इथे न ठरवता कोणी कोणाकडे जात नाही, रडायलासुद्धा.

मी डोळे पुसून म्हणालो, चालेल. वहिनीला सांगितलं तर ती त्या महिन्यात पहिल्यांदा हसली.

अठरा तारखेला गेलो. कॉफी मिळाली, एक बिस्किट मिळालं. बाई म्हणाल्या, मी वचन देऊ शकत नाही. एमिल उद्या येतोय, त्याच्याशी बोलते.

*

आता डेल्फ्टच्या पुलाची गोष्ट.

शॉट साधा होता. हिरो सगळं सोडून निघालाय. सायकलवरून पुलावर चढायचं, पलीकडे उतरायचं, दिसेनासं व्हायचं. हेनीबाईंनी दादाला एकच नियम सांगितला होता, काही झालं तरी मागे बघायचं नाही. चार टेक झाले. तीन उत्तम. एक वाया गेला, दुसरा.

दुसऱ्या टेकला दादा पुलाच्या मधोमध पोचला आणि पाय टेकून थांबला. सबंध वळला. टोपीखाली ती मिशी. आणि ओरडला, "सुन्या, गॅस बंद केलास का?"

मी गॅस विसरून त्याला बघत उभा होतो. तरी ओरडलो, "केलाय!" दादाने मान हलवली आणि गेला. मी व्हॅनकडे पळालो तोवर डाळ तळाला लागली होती. त्या दिवशी सगळ्या युनिटने पाव-चीज खाल्लं. डच लोक खूश होते.

तर एमिल आला आणि एडिटिंगच्या खोलीत हेनीबाईंशी बसला. मी बाहेर जिन्यात होतो. एमिलला तो वाया गेलेला दुसरा टेकच हवा होता. बाई म्हणत होत्या, अरे, तो वळला की सगळ्यांना कळेल हा वेगळाच माणूस आहे. एमिल म्हणाला, "कळू दे. माझं काय कापायचं ते कापा."

गेल्या महिन्यात युट्रेख्टला पहिला खेळ झाला. आम्हाला शेवटपर्यंत काही सांगितलं नव्हतं. मी आणि वहिनी पाचव्या रांगेत, एमिल आमच्या मागे. एक तास एमिलच दिसत होता. मग पूल आला. पाठमोरा कोट, टोपी, सायकल. मधोमध पाय टेकला. दादा वळला.

शंभर-दीडशे डच माणसं गंभीर होऊन बघत होती. कोणी हललं नाही.

"सुन्या, गॅस बंद केलास का?"

शूटिंगच्या वेळी माझं उत्तर माइकमध्ये आलंच नव्हतं. पडद्यावर दादा नुसता बघत थांबला होता, एक पाय जमिनीवर, एक पेडलवर. वहिनीने माझा हात घट्ट धरला. मी तो सोडवला, उभा राहिलो आणि मोठ्याने म्हणालो, "केलाय दादा. तू जा."

दादाने मान हलवली आणि पेडल मारलं.