किटाच्या कागदावरची मायबोली

न्युरेम्बर्गला लेकीनं नातीच्या बालवाडीचा, म्हणजे इथल्या किटाचा, कागद भरला. मुटरश्प्राखे, म्हणजे मायबोली, या रकान्यात तिनं लिहिलं, मराठी. मी विचारलं, "कोणाच्या मायची बोली ही?"

"आबा, इथं कोरकू कोणाला माहीत आहे? उगाच दहा प्रश्न विचारतील."

"विचारू दे. तोंड कशाला दिलंय तुला?"

आम्ही मेळघाटातले कोरकू. पण मला लिहिता येतं ते मराठीच, हेही मराठीतच लिहितोय, आणि त्याचा मला राग आहे. आश्रमशाळेत मी कोरकूत पाणी मागितलं, 'डा' म्हणालो, तर गुरुजींनी छडी तुटेपर्यंत मारलं. पाणी दिलं नाही ते नाहीच. तिसरीतून पळून आलो. पुढं सुट्टीत घरी आलेली आश्रमशाळेची पोट्टी मी अंगणात बसवू लागलो. ज्या बोलीपायी मार खाल्ला, त्याच बोलीत तो सांगायचा, एवढंच. आधी रडायची, मग बोलायची, मग हसत गुरुजींची नक्कलसुद्धा करायची. कितीक पोट्ट्यांची जीभ मी सोडवली.

माझ्या लेकीची नाही. दुसरी शाळा जवळ नव्हती म्हणून तिला त्याच आश्रमशाळेत मीच सोडून आलो. हे मी कोणावर ढकलत नाही. ती त्या अंगणात कधी बसली नाही. "मी कोरकू विसरले" म्हणायची, आणि वीस वर्षं तेच धरून बसली.

किटाच्या बाईंनी आजोबांना गोष्ट सांगायला बोलावलं, घरच्या भाषेत. लेकीनं दारातच बजावलं, "मराठीत सांगा. मी जर्मन करते."

वीतभर खुर्चीवर बसलो आणि मोहाची फुलं खाऊन झिंगलेल्या अस्वलाची गोष्ट कोरकूत सुरू केली. लेकीनं डोळे वटारले. मी थांबलो. पोरं वाट पाहत होती. नात ओरडली, "वायटर!" म्हणजे पुढं सांगा.

मग लेक बोलू लागली. माझं एक वाक्य, तिचं एक. कोरकूतून थेट जर्मन. मधे मराठी नाही, गुरुजी नाही. अस्वल ओढ्यात पडलं, तर माझं वाक्य संपायच्या आत तिनं पोरांना हसवलं. विसरली म्हणे!

परतताना ट्राममध्ये कडाडली, "मुद्दाम केलंत तुम्ही!"

"मुद्दामच. कागद बदल."

"नाही बदलणार."

"मग लावतो तुझ्या मायला फोन. सांगतो, तुझी बोली लेकीनं पुसली."

त्यावर तिनं जे सुनावलं ते कोरकूत. "हट्टी म्हातारा. जन्मात कोणाचं ऐकलं नाही. मला त्या शाळेच्या फाटकात सोडलं आणि मागं वळून पाहिलं नाही. मी किती हाका मारल्या."

हे तिनं आजवर कधी काढलं नव्हतं. नात मांडीवर झोपली होती. आमचा थांबा आला, दार उघडलं, मिटलं. मी उठलो नाही. ती अजून बोलत होती.