चौथ्या आठवड्याची फाईल

हेनिंग ब्रोडर्सनने आयुष्यात एकच शोध लावला आणि त्यावर सदतीस वर्षं नोकरी केली. पाककृतीच्या मागच्या बाजूला गोष्ट छापू नये, हा तो शोध.

तो लागला आईमुळे. १९७६ साली, एकोणिसाव्या वर्षी, हेनिंगने पोस्टातली उमेदवारी सोडली आणि उत्तर जर्मनीतल्या इट्झेहोमध्ये फिरत्या वाचनालयाच्या गाडीवर ड्रायव्हर म्हणून चिकटला. आठ साप्ताहिकं एका जाड कागदी फाईलमध्ये घालून गुरुवारी घरोघर पोचवायची, पुढच्या गुरुवारी ती उचलून दुसरीकडे द्यायची, असं ते काम. पहिल्या आठवड्याची कोरी फाईल दाताच्या डॉक्टरांकडे जाई. दुसऱ्या आठवड्यात ती केस कापायच्या दुकानात, तिसऱ्यात खानावळीत. चौथ्या आठवड्यात, कोपरे दुमडलेली, कॉफीचे डाग पडलेली, शब्दकोडी सुटलेली अशी ती फाईल सगळ्यात स्वस्तात ज्यांना चालेल त्यांच्याकडे येई. हेनिंगच्या आईला, गेशे ब्रोडर्सनला, चालत असे. शब्दकोड्यातल्या दुसऱ्यांच्या चुका ती हिरव्या शाईने दुरुस्त करत असे.

पोस्ट सोडल्याचं मात्र तिला चाललं नव्हतं.

"पोस्ट म्हणजे सरकार," ती म्हणाली होती. "म्हातारपणी घरबसल्या पेन्शन. आणि हे काय? कागदाचा धंदा. कागद भिजतो, हेनिंग."

"पत्रंसुद्धा कागदाचीच असतात, आई."

"ती दुसऱ्यांची असतात. भिजली तर त्यांची भिजतात."

'कागद भिजतो' हे वाक्य हेनिंगच्या मनात कायमचं रुतून बसलं. तीन वर्षांनी एका रविवारी तो कॉफीला आला तेव्हा गेशे 'आपला गुरुवार' हे बायकांचं साप्ताहिक डोळ्यांसमोर धरून बसली होती. पानाला वहीएवढं चौकोनी भोक होतं. दाताच्या डॉक्टरकडे बसलेल्या कुणा बाईने कोबीच्या वड्यांची पाककृती कापून नेली होती आणि तिच्याबरोबर मागच्या पानावरच्या क्रमशः कथेचा शेवटही गेला होता.

"डॉक्टर तिचा हात धरून म्हणतो, 'अनेलीझ, मी तुला आज', आणि पुढे भोक," गेशे म्हणाली. तिने भोकातून मुलाकडे पाहिलं. "यातून मला तू दिसतोस. तिचं लग्न दिसत नाही."

त्या आठवड्यात हेनिंगने हॅम्बुर्गला, 'आपला गुरुवार'च्या कचेरीत, एक पानी पत्र लिहिलं. तुमच्या साप्ताहिकातली प्रेमप्रकरणं चौथ्या आठवड्यापर्यंत तडीला जात नाहीत, कारण तुम्ही ती कोबीच्या मागे छापता, असा त्याचा आशय होता. महिन्याभरात त्याला बोलावणं आलं आणि वितरण विभागात कोपऱ्यातलं एक टेबल मिळालं.

पाककृतीच्या मागे काय छापावं हे ठरवायला मात्र दोन वर्षं लागली. आधी जाहिराती छापल्या, तर साबणवाल्यांनी तक्रार केली. मग राशिभविष्य छापलं. त्यावर एका कन्या राशीच्या बाईने वकिलाकरवी पत्र पाठवलं. शेवटी हेनिंगने सुचवलं की तिथे संपादकांचे दोन शब्द छापावेत. पुढची पस्तीस वर्षं ते कुणीतरी कात्रीने कापून नेत होतं आणि एकाही वाचकाची तक्रार आली नाही. संपादक बदलत गेले, हेनिंग वर चढत गेला.

१९८५ साली छापखान्याचा वार बदलला आणि 'आपला गुरुवार' बुधवारी निघू लागला. नाव बदलावं का, यावर सहा बैठका झाल्या. वाचक गुरुवारीच वाचत असतील, असं हेनिंगने मांडलं आणि नाव राहिलं. पुढे तो वितरणप्रमुख झाला आणि १९९८ साली प्रकाशन-संचालक. मधल्या काळात त्याची बायको एका हाडांच्या डॉक्टरबरोबर ल्युबेकला निघून गेली. त्या डॉक्टरकडे पहिल्या आठवड्याची फाईल येत असे.

संचालक झाल्यापासून हेनिंगचं नाव दर अंकात छापलं जाई. शेवटून दुसऱ्या पानावर, मुंगीच्या पायाएवढ्या अक्षरात. ते वाचायला गेशेने भिंग आणलं. गुरुवारी फाईल आली की आधी भिंग निघे. नाव जागेवर असलं म्हणजे मुलाची नोकरी निदान तीन आठवड्यांपूर्वी तरी शाबूत होती, एवढं नक्की व्हायचं. मग ती बाकीचं वाचायला घेई. ताजा अंक फुकट पाठवतो असं हेनिंगने कितीदा तरी सांगून पाहिलं.

"नको," ती म्हणे. "शब्दकोडं कोरं असलं की मला सुचत नाही."

२०१६च्या जुलैमध्ये हेनिंगला वरच्या मजल्यावर बोलावलं गेलं. तिथल्या साहेबांचं वय छत्तीस होतं आणि त्यांच्या टेबलावर कागद नव्हता.

"हेर ब्रोडर्सन, 'आपला गुरुवार'ला आपण विश्रांती देतो आहोत," ते म्हणाले.

"किती दिवस?"

"कायमची."

खाली येऊन त्याने हे आपल्या सेक्रेटरीला, फ्राउ वोलर्सना, त्याच शब्दांत सांगितलं.

"म्हणजे मेला," फ्राउ वोलर्स म्हणाल्या. "आणि आपण?"

"आपणही विश्रांती."

मग हेनिंगने जे त्याला उत्तम येत होतं ते केलं. कुणाकुणाला, कोणत्या तारखेला, कशा प्रकारे कळवायचं याची त्रेपन्न नोंदींची यादी केली. छापखाना, घाऊक विक्रेते, वर्गणीदार, रेल्वे स्टेशनांवरचे स्टॉल, कोडी रचणारे निवृत्त गणितशिक्षक. शेवटचा अंक अठ्ठावीस सप्टेंबरला निघणार होता आणि स्वतः हेनिंगचा शेवटचा दिवस चौदा ऑक्टोबर होता. आई यादीत नव्हती. तिला तो समक्ष सांगणार होता.

समक्ष सांगणं म्हणजे रविवारी तीन वाजता, कॉफीच्या टेबलावर, आणि त्यानंतर ती काय म्हणेल हे त्याला चाळीस वर्षांपासून पाठ होतं. एकोणसाठाव्या वर्षी, केस गेलेले, गुडघा दुखरा, दोनदा बढती मिळालेली, अशा स्थितीत त्याला ते ऐकायचं नव्हतं. कागद भिजतो, हेनिंग.

ऑगस्टचे रविवार असेच गेले. सप्टेंबरचेही गेले. तेव्हा त्याने आपला जुना शोध कामाला लावला. वाचकांचा निरोप घेणारा मजकूर पान तीनवर, चौकटीत, जायचा होता. त्याखाली त्याचं नाव असणार होतं, या वेळी माणसाला वाचता येईल अशा अक्षरात. हेनिंगने तो उचलून पान अठ्ठावीसवर, संपादकांच्या दोन शब्दांच्या जागी, पाककृतीच्या मागे नेला.

"तिथे का?" मांडणी करणाऱ्या मुलीने विचारलं.

"परंपरा आहे."

पाककृतीही त्यानेच निवडली. ताज्या आलुबुखारांचा केक. ऐन हंगामात असली पाककृती दाताच्या डॉक्टरकडे दोन तास टिकणार नाही, असा त्याचा हिशेब होता. निरोप तिच्याबरोबर जाईल आणि चौथ्या आठवड्यात, वीस ऑक्टोबरला, आईच्या हाती नेहमीसारखं भोक येईल. सांगायला अजून वेळ मिळेल. निदान आणखी एक आठवडा.

शेवटचा अंक निघाल्यानंतरच्या रविवारी तो इट्झेहोला गेला तेव्हा त्याने सुरुवात तरी केली.

"आई, तुला एक सांगायचं होतं."

"आधी खा. तोंडात घास असताना बोलू नये."

त्याने खाल्लं. तिने दुसरा तुकडा वाढला. मग गाडीची वेळ झाली.

पुढच्या रविवारी तिनेच विचारलं, "काम कसं चाललंय?"

"चाललंय."

"नवीन काही?"

"काही नाही."

"बरं," गेशे म्हणाली आणि सायीचं भांडं त्याच्याकडे सरकवलं. "घे. वाळलायस."

हेनिंग गेल्या वर्षीपेक्षा चार किलोने वाढला होता. घरी परतताना गाडीत त्याच्या मनात आलं की आई पूर्वी कामाबद्दल कधी विचारत नसे. हल्ली प्रत्येक रविवारी विचारते. म्हातारपण, असं त्याने ठरवलं.

चौदा तारखेला, शुक्रवारी, तो खोली आवरत होता. सदतीस वर्षांचं सामान दोन खोक्यांत बसलं आणि दुसरं अर्धं रिकामंच राहिलं. तेवढ्यात फ्राउ वोलर्स एक गठ्ठा घेऊन आल्या.

"फिरत्या वाचनालयाच्या ग्राहकांची उत्तरं. नुसत्या खुणा केलेली कार्डं त्यांनी मोजून ठेवून घेतली. ज्यांवर काही लिहिलंय ती आपल्याकडे पाठवलीत. एक्केचाळीस आहेत."

"कसली उत्तरं?"

"ते ऑगस्टमधलं पत्र नाही का. 'आपला गुरुवार' बंद होतोय, त्याऐवजी फाईलमध्ये कोणतं साप्ताहिक हवं, त्यावर खूण करा. सहा आठवडे आधी लेखी कळवायचा नियम आहे. यादीत एकोणिसावा क्रमांक. तुम्हीच तर त्यात तीन स्वल्पविराम घातले आणि सही केलीत."

हेनिंग खुर्चीत बसला. फिरत्या वाचनालयाचे ग्राहक म्हणजे त्याच्या डोक्यात अठरा हजार हा आकडा होता. त्या अठरा हजारांपैकी एक बाई इट्झेहोत दुसऱ्या मजल्यावर राहते आणि आलेलं प्रत्येक पत्र चाकूने सरळ रेषेत उघडते, हे त्याला सुचलंच नव्हतं.

कार्ड वरून सतरावं निघालं. हिरवी शाई होती.

"सन्माननीय हेर ब्रोडर्सन," त्यावर लिहिलं होतं, "आपलं पत्र मिळालं. बदली साप्ताहिक नको. त्यात माझ्या मुलाचं नाव नसणार. आपल्या पत्रातल्या दुसऱ्या परिच्छेदात एक स्वल्पविराम जास्त पडला आहे. आपली नम्र, गेशे ब्रोडर्सन." खाली तारीख होती, एकोणीस ऑगस्ट.

त्याने बोटांवर रविवार मोजले. आठ भरले. आठ रविवार ती केक करत होती, काम कसं चाललंय विचारत होती, आणि चाललंय हे उत्तर ऐकून साय पुढे करत होती.

"वाईट काही लिहिलंय का?" फ्राउ वोलर्सनी विचारलं.

"स्वल्पविराम जास्त पडला."

"मी तेव्हाच म्हटलं होतं," फ्राउ वोलर्स म्हणाल्या आणि दुसऱ्या खोक्याला चिकटपट्टी लावू लागल्या.

सोळा तारखेच्या रविवारी तो तीनला पाच मिनिटं असताना पोचला आणि तीन वाजेपर्यंत जिन्यात उभा राहिला. आत गेल्यावर त्याने कोटही काढला नाही.

"आई, 'आपला गुरुवार' बंद झाला. माझी नोकरी संपली. परवाच्या शुक्रवारी."

गेशे कॉफी ओतत होती. कप काठोकाठ भरेपर्यंत तिने ओतली आणि मगच किटली खाली ठेवली.

"सांगितलंस," ती म्हणाली.

"तुला ऑगस्टपासून माहीत होतं."

"मला ब्रोडर्सन नावाच्या एका साहेबांनी कळवलं होतं. माझ्या मुलाने आत्ता कळवलं."

"उशीर झाला."

"मला सगळं चौथ्या आठवड्यातच मिळतं. सवय आहे." मग तिने त्याच्याकडे नीट पाहिलं. "या खेपेला जरा जास्तच झाला, हे खरं. झोपत होतास का रात्री?"

"फार नाही."

"मीही नाही. दोन माणसं दोन गावांत एकाच गोष्टीसाठी जागी. एकाने फोन केला असता तर निदान एक तरी झोपलं असतं. कोट काढ."

त्याने कोट काढला, बसला आणि ते वाक्य यायची वाट पाहू लागला. गेशेने केक कापला. त्याच्या ताटलीत तुकडा ठेवला. मोठा.

"शेजारच्या टिसनबाईंचा जावई पोस्टात होता ना," ती म्हणाली. "त्याला मार्चमध्येच घरी बसवलं. चाळीस वर्षं पुरी व्हायच्या आत."

एवढंच. कागदाबद्दल ती बोलली नाही. हेनिंगने तो तुकडा खाल्ला, आणि त्यानंतरचाही.

वीस तारखेला गुरुवार होता. हेनिंग उभ्या आयुष्यात नोकरी सोडून गुरुवारी आईकडे गेला नव्हता. आता जायला हरकत नव्हती. फिरत्या वाचनालयाच्या हेर श्टेफेन्सनी फाईल आणून दिली आणि गेशेने भिंग न शोधताच शेवटचा अंक बाहेर काढला. हेनिंग भोकाची वाट पाहत होता. पान सत्तावीस आलं. ते अख्खं होतं. आलुबुखारांच्या केकला कात्री लागली नव्हती, कोपरासुद्धा दुमडलेला नव्हता.

"कुणीच कापली नाही," तो म्हणाला. हा धक्का त्याला वरच्या मजल्यावरच्या बातमीपेक्षा मोठा बसलेला दिसला.

"हल्ली फोनवर फोटो काढतात. टिसनबाईसुद्धा काढतात." गेशेने पान उलटलं आणि चौकटीतला निरोप सावकाश वाचला. तळाशी ठळक अक्षरात हेनिंग ब्रोडर्सन, प्रकाशन-संचालक, असं होतं. तिने ते पुन्हा वाचलं. चष्म्याशिवाय.

मग ती उठली, शिवणाच्या डब्यातली कात्री घेऊन आली आणि ओळीला धरून, एकही कड न चुकवता, ती चौकट कापून काढली.

"आई! ती फाईल परत द्यायची असते."

"मला माहीत आहे. तुझ्यापेक्षा जास्त वर्षं देतेय."

पुढच्या गुरुवारी हेर श्टेफेन्स फाईल न्यायला आले. नियमाप्रमाणे त्यांनी उंबऱ्यातच पानं चाळली. स्वयंपाकघरात हेनिंग आपल्या कपाकडे बघत बसला होता. त्याच्या समोर, फ्रिजवर, आलुबुखारांच्या केकची पाककृती मागची बाजू पुढे करून चुंबकाने लावलेली होती.

"फ्राउ ब्रोडर्सन, यातलं पान अठ्ठावीस कापलंय."

"पहिल्या आठवड्याची माणसं," गेशे म्हणाली. "दाताच्या डॉक्टरकडची. चाळीस वर्षं झाली मी सांगतेय, पण तुमच्या हॅम्बुर्गवाल्यांना कोण समजावणार?"