न हलवलेलं झाड

आईने पाठवलेल्या डब्याचं झाकण उघडलं आणि वाळलेल्या मोहाचा गोड, आंबूस वास गडचिरोलीतल्या माझ्या खोलीभर पसरला, तसं पोंभुर्ण्याकडच्या गावातलं आमचं अंगण डोळ्यांपुढे आलं. मोहफुलं वाळत घातली होती, आई काठी घेऊन बकऱ्या हाकलत बसली होती आणि शेजारी मी मोबाइलवर जुने व्हिडिओ गेम चालवणारं इम्युलेटर अ‍ॅप टाकून त्यात एक शेतीचा गेम खेळत होते. आईने सहज फोन मागितला. गेममधल्या बाईला फळझाडाखाली उभं करून मी म्हटलं, "हे बटन दाब. झाड हालते न् फळं पडतात. फळं नेल्याशिवाय पुढच्या गावचा रस्ता उघडत नाई." आईचा अंगठा तिथेच थांबला. "हालवाचं काऊन? मोहाचं झाड हालवते का कोणी? ते आपल्या मनानं टाकते, तेवढंच आपलं." मी म्हटलं, "माय, हा गेम आहे, इथी आपोआप पडत नाई." "आज नाई तं उद्या पडन," ती म्हणाली आणि बॅटरी संपेपर्यंत त्या झाडाकडे बघत राहिली, तेवढ्यात शेजारची बकरी कोपऱ्यातली फुलं खाऊन गेली, तेही तिला कळलं नाही. तो फोन केव्हाच बिघडला, पण गेम जिथे थांबला तिथूनच पुढे सुरू करणारी सेव्ह फाइल मी आधी लॅपटॉपवर, मग टॅबवर आणि आता नव्या फोनवर आणली आहे. बाई अजून झाडाखाली उभी आहे, रस्ता बंदच आहे. डबा पाठवला की आईचा फोन येतो. पोचला का विचारते, मग हळूच म्हणते, "पडलं का वं एखादं?" मी गेम उघडून खरंच बघते आणि मगच सांगते, "अजून नाई, माय."