उशाशी नुसतं बसणं

ह्यांना अर्धांग झालं आणि पुढची तीन वर्षं हे अंथरुणावरच होते. पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून कूस बदलायची, पेज भरवायची, ओलं झालेलं बदलायचं. हे गेले तेव्हा भेटायला येणारी माणसं मी रडत नाही म्हणून एकमेकांकडे बघायची. मला रडायचं नव्हतं असं नाही. अंगात तेवढं त्राणच उरलं नव्हतं.

आमचं घर बंगलोरला, महादेवपुऱ्यात. हे तिथल्याच एका कारखान्यात होते, म्हणून बांधलेलं. मूलबाळ नव्हतं. दोनेक महिन्यांनी नणंद आली आणि म्हणाली, "वहिनी, एकटी राहू नको. नागपूरची एक मुलगी व्हाइटफील्डला कॉम्प्युटरच्या कंपनीत लागलीय. मराठी घर शोधते आहे."

"सरी, येऊ दे," म्हटलं. नाही म्हणायलाही जोर लागतो.

मुलगी आली ती एक पेटी आणि एक पंखा घेऊन. पंखा कशाला, असं मी विचारलं तर म्हणाली, "आमच्याकडे लागते ना." बंगलोरात तो तिने कधी लावला नाही. पहिले काही दिवस ती मला काकू म्हणायची. मग शेजारपाजारचं ऐकून अक्का म्हणायला लागली. संध्याकाळी कंपनीची बस तिला कोपऱ्यावर सोडायची. जेवायची, आपलं ताट घासायची आणि पायरीवर जाऊन बसायची. मी काही विचारत नसे, तीही नसे. मला ते बरं वाटायचं. भेटायला येणाऱ्यांना तीच हकीकत सांगून माझा घसा कोरडा झाला होता.

त्या पावसाळ्याच्या शेवटी तिला मलेरिया झाला. नागपूरला फोन केला, तर तिच्या आईचं नुकतंच ऑपरेशन झालेलं, तिला येता येण्यासारखं नव्हतं. डॉक्टर येऊन गोळ्या देऊन गेले. पुढचं मला कुणी सांगायला नको होतं. मिठाच्या पाण्याच्या घड्या, लिंबाचं सरबत, मऊ भात. हात आपोआप चालत होते.

दुसऱ्या दिवशी दुपारी घामाने तिची चादर भिजली. तिला उठवत नव्हतं. मी तिला एका कुशीवर केलं, जुनी चादर पाठीपर्यंत गुंडाळली, नवी पसरली. ह्यांची चादर मी अशीच बदलायची. अर्ध्यातच माझे हात थांबले. चादरीचं टोक धरून मी उभी राहिले आणि तोंडातून निघालं, "मला नाही होत गं आता. कुणाचंच नाही होत."

आजारी पोरीला असं बोलले म्हणून लाज वाटायला हवी होती, पण तीही वाटेना. ती डोळे मिटूनच होती. मग म्हणाली, "काहून करता एवढं, अक्का? मी काही मरून नाही राहिली. नुसत्या बसा इथं."

"चादर अर्धी राहिलीय."

"राहू द्या."

मी बसले. तीन वर्षं मी ह्यांच्या खाटेभोवती नुसती फिरत होते. कधी भांडं आण, कधी औषध दे. काही न करता उशाशी बसल्याचं मला आठवेना. तिने चाचपडत माझा हात घेतला. तापाने तिचा तळवा भाजत होता. ह्यांच्यानंतर मला कुणी हात लावला नव्हता. बायका यायच्या, समोर खुर्चीवर बसायच्या, हळहळायच्या आणि जायच्या. मी रडायला लागले. तिने हात सोडला नाही. थोड्या वेळाने तिला झोप लागली आणि मी तशीच रडत बसले.

ती बरी झाल्यावर एका रविवारी माझ्याबरोबर शेंगा सोलत होती. मध्येच म्हणाली, "आजारी पडायच्या आधी काका कसे होते?"

हे मला कुणीच विचारलं नव्हतं. डोळ्यांपुढे यायचा तो वाकडा झालेला चेहरा. चार शेंगा सोलून झाल्यावर म्हणाले, "सारात साखर घालायचे. मला न विचारता."

"अजून?"

"रस्त्याने भरभर पुढे जायचे. मग वळून माझ्यावरच चिडायचे, स्वल्प, जरा लवकर चल म्हणून."

ती हसली, मीही हसले. त्यानंतर बहुतेक रविवारी ती काहीतरी विचारायची आणि मी शोधून सांगायची. कधी तीही सांगायची. ती लहान असताना तिचा भाऊ गेला होता, आणि घरात त्याचं नाव काढायचं नाही असा नियम होता. "मला त्याचा आवाज आठवत नाही," ती म्हणाली. मी तेलाची वाटी आणली आणि तिच्या केसांना तेल लावत राहिले.

तीन वर्षांनी तिचं लग्न ठरलं. लग्नाला मी नागपूरला गेले; एकटीने रेल्वेचा तेवढा प्रवास पहिल्यांदाच केला. मांडवात कुणीतरी विचारलं, ह्या कोण? तिची आई म्हणाली, "बंगलोरची अक्का. आमच्या घरच्याच." मी मागच्या रांगेत बसले होते. मुलीने मला पुढे ये म्हणून ओढलं नाही. माझी दमणूक तिला ठाऊक होती. अक्षता पडल्यावर मी पेट्या ठेवलेल्या खोलीत जाऊन सतरंजीवर आडवी झाले. बाहेर बँड, बायकांची बडबड, दारातून येणारीजाणारी पोरं. त्या सगळ्यात मला गाढ झोप लागली.