काकीचे लिंबाचे शिरवाळे

तुमच्या घरात दोन भावांचं बिनसलं की सगळ्यात आधी काय वेगळं होतं? जमीन, देव की चूल? खरं सांगा. जमिनीला कोर्ट लागतं, देवाला भटजी लागतो. चुलीला एक गवंडी आणि चार टोपल्या माती पुरते, म्हणून आधी चूल जाते. आमच्या मोरजीच्या घरातली गेली नाही. कारण त्या चुलीसमोर काकी बसली होती आणि तिच्या कमरेला सायीची किल्ली होती.

हो, सायीची. दागिन्यांचं कपाट काकी उघडं टाकून तिठ्यावर गप्पा मारायला जायची, पण दुधावरची साय एका चिनी मातीच्या बरणीत, बरणी लाकडी कपाटात आणि कपाटाला कुलूप. त्या सायीचं लोणी, लोण्याचं तूप, तूप देवाच्या निरांजनाला. देव खाऊन उरलं तर माणसांना. गावात तिला 'सायकाकी' म्हणत आणि तिला त्याचा अभिमान होता. "माजो नवरो पेडण्यात भाषण करता तरी ताका कोण वळखणत नाय," ती म्हणायची. "माका म्हापशापर्यंत वळखतत."

तिचा नवरा म्हणजे माझे थोरले काका, अण्णा. ते मराठीचे कट्टर. त्यांचा धाकटा भाऊ, म्हणजे माझे बाबा, कोकणीचे कट्टर. मराठी हवी की कोकणी, असं राजभाषेचं आंदोलन पेटलं तेव्हा आमच्या एका ओटीवर दोन बाजूंची पत्रकं छापून येत आणि मी त्यांच्यावर वाढले. दुसरी मुलं अंकलिपी गिरवतात, मी 'जाहीर निषेध' गिरवला. सातवीत असताना शाळेतल्या निबंधाची सुरुवात 'बंधू-भगिनींनो, आता गप्प बसाल तर' अशी करून छडी खाल्लेली आहे. विषय 'आमची गाय' होता.

काकी मात्र ती पत्रकं चुलीत घालायची, दोन्ही बाजूंची, बरोबर वाटून. मी एकदा संतापून विचारलं, "काकी, हा विचार आहे, जळण नव्हे!" ती फुंकणी खाली न ठेवता म्हणाली, "दोनय बरी पेटतत गो. पण तुज्या बापाशीचो कागद जाड. पावसात तोच बरो."

यावरून तिला कोणी तटस्थ समजू नये. तटस्थ माणसं मला मुळीच आवडत नाहीत. अन्याय चालू असताना जो मधोमध उभा राहतो तो वाट अडवतो, बस्स. काकीचा पक्ष होता आणि तो आमच्या सगळ्यांच्या पक्षांपेक्षा कडवा होता: एका घरात एक चूल. अण्णा आणि बाबा ओटीवर तावातावाने भांडायचे. एक मराठीसाठी, एक कोकणीसाठी. आणि दोघेही भांडायचे ते आमच्या पेडण्याच्या बोलीत. काकी आतून ओरडायची, "भांडताना दोगांची भास एकच. मगे भांडान कित्याचां?" याचं उत्तर दोघांच्याही पत्रकात नव्हतं.

त्याच काळात मोरजीला लुसी आली. इटलीची. समुद्राकडच्या एका घरात खोली घेऊन राहिली आणि आठवड्यात पोट बिघडून आडवी झाली. काकीने तिला उचलून आमच्याकडे आणलं आणि पेज पाजून उभी केली. लुसी तिच्या भाषेत बोले, काकी आपल्या बोलीत, जरा मोठ्याने. दोघींना दुभाष्या कधी लागला नाही. तासन् तास काय बोलत कुणास ठाऊक, पण सासूचा विषय निघाला की दोघींचे हात सारखेच हलत.

बरी झाल्यावर लुसीने ठरवलं, उपकार फेडायचे. पिशवीतून पास्त्याचं एकुलतं एक पाकीट काढलं, लांब काड्यांचं, आणि खुणेने साय मागितली. अण्णांनी वर्तमानपत्र खाली केलं. काकीने क्षणभर लुसीकडे पाहिलं, मग कमरेची किल्ली काढली. मी जन्मल्यापासून कोणी मागितल्यावर असं घडलेलं नव्हतं.

लुसीने काड्या मिठाच्या पाण्यात उकडल्या. लिंबाची साल किसली. परसातली मुळ्याची कोवळी पानं चिरून लोण्यात परतली, वर साय ओतली, त्यात काड्या घोळल्या. शेवटी चीजचा एक खडा काढला. त्याचा वास येताच काकीने तो चिमटीत धरून मांजरापुढे टाकला. मांजरानेही हुंगून पाठ फिरवली. "बघ," काकी लुसीला म्हणाली, "मुकां जनावर, पण कळता ताका." चीजऐवजी तिने भाजलेल्या काजूची भरड घातली. ती सुधारणा लुसीने मान्य केली.

अण्णांनी एक घास घेतला. "गोड नाय, तिखट नाय. माशाच्या हुमणाचो पत्तो नाय. ह्यां काय?"

"शिरवाळे," काकी म्हणाली. "पण शिकलेले."

तिला ते लगेच ओळखू आलं होतं. आपल्याकडे तांदळाच्या उकडीचे मुटके पाण्यात शिजवायचे, गरम असतानाच साच्यातून दाबून शेवया पाडायच्या आणि नारळाच्या गोड रसात बुडवून खायच्या. लुसीकडे रस नव्हता म्हणून बिचारी सायीवर भागवत होती, एवढंच. पाकीट संपलं ते संपलं; काकीने फणसाच्या लाकडाचा साचा माळ्यावरून उतरवला.

पहिल्या प्रयत्नात तिने साय रटरटत असताना लिंबू पिळलं. साय फुटली, टोपात पाणी एकीकडे आणि गुठळ्या दुसरीकडे. त्या गुठळ्या तिने अण्णांना 'इटलीचा खास पदार्थ' म्हणून वाढल्या आणि अण्णांनी दुसऱ्यांदा मागून घेतल्या. दुसऱ्या प्रयत्नात तांबडी भाजी, म्हणजे लाल माठ, घातली, तर सगळं गुलाबी झालं. तिसऱ्यांदा जमलं, आणि त्या दिवसापासून एक वाक्य आम्हाला उठता-बसता ऐकावं लागलं: "आंबट विस्तवार घालुक नाका. टोप खाली उतरय, मगे पीळ."

मग एकाच दिवशी दोन्ही बाजूंच्या सभा झाल्या. कोण काय बोललं त्यात मी जात नाही, पण अण्णा आणि बाबा दोन वेगवेगळ्या व्यासपीठांवरून एकमेकांविरुद्ध बोलले, नाव घेऊन. घरी आल्यावर बोलणंच बंद झालं. चार दिवसांनी अण्णांनी भिंतीकडे बघत जाहीर केलं की गवंड्याला सांगितलं आहे, रविवारी येईल, पडवीत दुसरी चूल मांडेल. बाबा दुसऱ्या भिंतीकडे बघत म्हणाले, उत्तम. माझी आई आणि काकी, दोघी एकाच विळीवर आळीपाळीने भाजी चिरत होत्या. त्यांना कोणी विचारलं नाही. कोणत्याही चळवळीत हे असंच का होतं, हा प्रश्न मी तेव्हापासून विचारते आहे.

काकी एवढंच म्हणाली, की लुसी रविवारी परत जाते आहे, तेव्हा त्या दिवशी लिंबाचे शिरवाळे होतील. आणि शनिवारी संध्याकाळी काकीचा खांदा आखडला.

आता आमचा साचा कसा, ते सांगायला हवं. वासराएवढा, चार पायांचा. मधल्या वाटीत गरम मुटका टाकायचा, वरचा लांब दांडा एकाने जीव खाऊन दाबायचा आणि दुसऱ्याने खाली ताट धरून फिरवत राहायचं, नाहीतर सगळ्या शेवया एकाच ढिगात पडून त्यांचा परत गोळा होतो. एकट्याचं ते काम नव्हे. आणि थांबायलाही वेळ नसतो, कारण मुटका थंड झाला की दगड.

"माजो खांदो गेलो," काकी रविवारी सकाळी उजवा खांदा धरून म्हणाली. "लुसीचा जेवाण होवचा नाय आता." अण्णा निमूट उठले आणि दांड्याशी उभे राहिले. घरात पाहुणी, करणार काय! काकीने ताट बाबांच्या हातात दिलं. आई त्याच वेळी नेमकी विहिरीवर गेली.

पहिला मुटका पडला. अण्णांनी दाबलं. बाबांनी ताट धरलं, पण फिरवलं नाही.

"ह्याका सांग, ताट फिरव," अण्णा काकीला म्हणाले.

"वयनी, ताका सांग, आदी सारखो दाब."

"मी काय तुमची टपालवाली?" काकी डावा खांदा चोळत म्हणाली. "मुटके निवतत. सांगूचा ता तोंडार सांगा."

कोणी सांगितलं नाही. दुसरा मुटका तोवर निवला होता. अण्णांनी दांड्यावर भार टाकला, दांडा हलेना. त्यांनी दोन्ही हातांनी लटकून पाय उचलले, तरी दांडा जागचा हलेना. मराठीचे पेडण्यातले एक प्रमुख वक्ते धोतरासकट हवेत लोंबकळत होते. लुसीने तोंडावर हात धरला. बाबांनी खालून वर पाहिलं आणि त्यांच्या तोंडून निसटलं, "अण्णा, लोंबतय कित्या? बस मरे ताच्यार!"

"तू येवन बस!" अण्णा वरून ओरडले.

बाबा ताट टाकून आले आणि दोघे भाऊ एकामागे एक दांड्यावर घोड्यासारखे बसले. दांडा कर्र करून खाली गेला, शेवया सरसर उतरल्या, आणि ताट फिरवायला काकी धावली. दोन्ही हातांनी. दोन्ही खांदे ठणठणीत.

"खांदो बरो झालो?" अण्णांनी विचारलं.

"तुमी बोललास, तसो बरो झालो."

त्यानंतर ते भांडले. मोठमोठ्याने, राजभाषेवरूनच, दांड्यावर बसून, शेवटच्या मुटक्यापर्यंत. पण तोंडावर भांडले. काकीने टोप खाली उतरवला, वाफ बसू दिली, मग लिंबू पिळलं.

इतक्यात गवंडी आला, मातीच्या टोपल्या घेऊन. "चूल खंय मांडूची?"

"आदी जेव," काकी म्हणाली. तो जेवला. परत घेतलं. सायीचं जेवण जेवून तो पडवीत आडवा झाला आणि जागा झाला तेव्हा काकीने त्याच्या मातीने जुन्या चुलीचा फुटका काठ लिंपून टाकला होता. "ह्या कामाक बोलयलेलंय तुका," तिने त्याला सांगितलं. अण्णा आणि बाबा, दोघांनीही तिला खोटं पाडलं नाही.

पुढे राजभाषेचा कायदा झाला, तेव्हा दोघांनीही आपल्यावर अन्याय झाल्याची पत्रकं काढली. केंद्रशासित प्रदेशाचं घटक राज्य झालं, तेव्हा दोघांनीही आपण जिंकल्याची. काकीने दोन्ही वेळा शिरवाळे केले आणि चारही पत्रकं पेटवली.

गेल्या वर्षी ती गेली. सुतक फिटल्यावर अण्णांनी साचा उतरवला, बाबांनी ताट घेतलं. सायीची किल्ली आता आईच्या कमरेला आहे. तिने कपाट उघडलं. बाबांनी चुलीवरच्या टोपात लिंबू पिळलं आणि साय फुटली.

"उतरय म्हणान सांगी नी ती!" अण्णा ओरडले. "इतकी वर्सां सांगी!" आणि मग दोन्ही भाऊ त्या फुटलेल्या सायीच्या टोपाशी बसले. सगळं तसंच खाल्लं. अण्णांनी गुठळ्या दुसऱ्यांदा मागून घेतल्या.

मी अजूनही पत्रकं लिहिते, आणि भूमिका सोडा असं कोणाला सांगणार नाही. भांडा. न्यायासाठी जरूर भांडा. फक्त एक विनंती आहे. तुमच्या घरात ज्याच्याशी तुम्ही भिंतीकडे बघून बोलता, त्याला या रविवारी जेवायला बोलवा. माळ्यावरचा साचा उतरवा, एक टोक त्याच्या हातात द्या, दुसरं तुम्ही धरा. काय म्हणायचं ते तोंडावर म्हणा. आणि टोप खाली उतरवल्याशिवाय लिंबू पिळू नका.