आवाज निवडणारी जलजाक्षी

जलजाक्षी नेमकं काय काम करते, हे सरस्वतीपुरममधल्या तिच्या गल्लीत कुणालाच धड सांगता आलं नसतं. दुपारची जेवणं आटोपली, ओटा पुसून झाला, की ती मधल्या खोलीत खिडकीशी बसायची. कानांवर मोठे हेडफोन चढवायची आणि समोरच्या पडद्यावर हलणाऱ्या काळ्या-करड्या ढगांकडे तासन्‌तास बघत राहायची. मल्लिगेचे, म्हणजे मोगऱ्याचे, गजरे विकायला येणारी पुट्टम्मा जाळीतून आत डोकावून विचारायची, "काय हो अक्का, कुणाचा एक्सरे आलाय?"

"आवाज आहे गं तो."

"आवाज दिसतो?"

"दिसतो तर."

"मग माझ्या सुनेचा नका दाखवू मला. ऐकते तेवढा पुरे आहे."

आवाज दिसायचा हे मात्र खरं. ती जिच्यासाठी काम करायची त्या संस्थेने दिलेल्या फुकटातल्या प्रोग्राममध्ये रेकॉर्डिंग उघडलं की बोलण्याचं चित्र उमटायचं. 'स' म्हणजे पडद्याच्या वरच्या अंगाला भुरभुरलेली रांगोळी. 'आ' म्हणजे एकामागे एक उभ्या राहिलेल्या डोंगररांगा, संध्याकाळी गावाबाहेरची चामुंडी टेकडी दिसते तशा. आणि 'प'च्या आधी कोऱ्या कागदासारखी एक पांढरी फट. तेवढा वेळ ओठ मिटलेले असतात, आवाज आत थांबलेला असतो. माणूस बोलतो म्हणजे मधून मधून गप्प बसतो, हे जलजाक्षीला या कामानं शिकवलं. ती फट आली की तिचाही श्वास थांबायचा.

वाचादोषांवर काम करणाऱ्या संस्थेकडून तिला रेकॉर्डिंग यायची. अडखळणारी मुलं, झटका येऊन गेलेली म्हातारी माणसं, कुणी शिमोग्याकडचं, कुणी कोळ्ळेगालचं. प्रत्येक ध्वनी कुठे सुरू झाला, कुठे संपला, तिथे बारीक रेघ मारायची. खोकला, खुर्चीची करकर, उसासा, मधलं 'अं' कापून टाकायचं. काम पोचतं केलं की कच्चं रेकॉर्डिंग पुसून टाकायचं, हा संस्थेचा कडक नियम. लोकांचे आवाज आहेत, कुणाच्या घरात पडून राहायला नकोत. हे सगळं तिच्या हाताला इतकं बसलं होतं, की पुसण्याचं बटण तिचं बोट आपलं आपण दाबायचं.

शिकली होती तीही अशीच, घरबसल्या. एका वेबसाइटवर जगातल्या सगळ्या ध्वनींचा तक्ता होता. चौकटीवर बोट ठेवलं की कुठल्या तरी दूरदेशीचा अनोळखी माणूस तो ध्वनी उच्चारून दाखवी. दुसऱ्या एका ठिकाणी अर्धा कापलेला चेहरा होता, त्याच्या तोंडात जीभ मासोळीसारखी वळे. कामाला कंटाळली की जलजाक्षी तो तक्ता उघडून बसे आणि एकेक चौकट दाबत जाई. कधी न पाहिलेल्या देशांतली माणसं खिडकीशी येऊन एकेक अक्षर बोलून जात.

एकदा अशीच ती हेडफोन न लावता बसली होती. तक्त्यातून आवाज आला, दातांमागे जीभ चिकटवून सोडल्यासारखा. "च्च."

आरामखुर्चीत पेपर वाचणाऱ्या तिच्या नवऱ्याने, नंजुंडय्यांनी, मान वर केली. "कोण वैतागलं?"

"वैतागलं नाही कुणी. आफ्रिकेतल्या काही भाषांत ते अक्षर आहे. याला श्वास लागत नाही, गळा लागत नाही. नुसती जीभ आणि दात."

"त्यासाठी आफ्रिका कशाला? आमच्या डेपोत या. गाडी उशिरा सुटली की अख्खी गाडी हीच भाषा बोलते."

नंजुंडय्यांनी नोकरी संपेपर्यंत शहर बसमध्ये कंडक्टरकी केली होती, आणि 'च्च' हे तर त्यांचं घरातलं अर्धं बोलणं होतं. च्च, साराला मीठ कमी. च्च, वीज गेली. च्च, तुझ्या भावाचा फोन. वाक्याच्या आधी दाराची कडी वाजावी तसं ते वाजायचं. लग्नानंतर सुरुवातीला जलजाक्षीला ते झोंबायचं. मग ऐकू येईनासं झालं, घरातलं घड्याळ ऐकू येत नाही तसं.

दिवाळीला त्यांचा आवाज बसला. थंडीने बसला असेल म्हणून काढे झाले, गुळण्या झाल्या. संक्रांतीपर्यंत निदान झालं. स्वरयंत्रात गाठ होती, यंत्रच काढावं लागणार होतं. गळ्याला पुढून एक भोक राहील, श्वास तिथून चालेल. जीव वाचेल, डॉक्टर म्हणाले. बोलणं राहणार नाही.

संस्थेतली तेजस्विनी घरी आली. वाचा शिकवणारी पोरगी, जलजाक्षीला अक्का म्हणायची. ओट्याला टेकून कॉफी पीत ती म्हणाली, "अक्का, ऑपरेशनला अजून दिवस आहेत. त्यांचा आवाज साठवून ठेवू या. एक साइट आहे. तिथली वाक्यं वाचून पाठवायची, ते त्यावरून आवाज तयार करून देतात. मग फोनवर लिहिलं की फोन त्यांच्याच आवाजात बोलेल. फक्त रेकॉर्डिंग स्वच्छ हवं. पण ते तुम्हाला मी काय सांगू!"

"आवाज आधीच घोगरा झालाय गं."

"घोगरा तर घोगरा. त्यांचा आहे ना?"

जलजाक्षीने मान हलवली. एवढं एकच मागायचं होतं तिला. बाकी जे जाईल ते जाऊ दे, या घरात यांचा आवाज राहू दे.

घरात सगळ्यांत शांत जागा म्हणजे सामानाची खोली. तांदळाचं पोतं आणि गाद्यांची चळत यांच्यामध्ये स्टूल ठेवून नंजुंडय्या बसले, पंखा बंद, दार बंद. जलजाक्षी समोर जमिनीवर.

"च्च. हे काय वाक्य आहे? 'तळ्याच्या काठी शुभ्र बगळे उतरले आहेत.' कुठलं तळं? कुक्करहळ्ळीचं?"

"कुठलंही असू दे. तुम्ही वाचा."

"कुठलंही कसं? तिथे बगळे कमी आणि फिरायला आलेले पेन्शनरच जास्त."

"अहो, वाचा ना. घाम आलाय मला."

"च्च. तळ्याच्या काठी शुभ्र बगळे उतरले आहेत. पुढे? च्च. 'आजी नातवाला चंद्र दाखवते.' ही वाक्यं लिहितो कोण? घरात असं कुणी बोलतं का कधी?"

"बोलत नाही म्हणून तर लिहावी लागतात."

ते हसले, हसता हसता खोकले, पाणी प्यायले. पुन्हा वाचलं. रोज सकाळी थोडं थोडं असं चाललं. थकले की गाद्यांना टेकून डोळे मिटून बसत. अंधाऱ्या खोलीत तांदळाचा आणि जुन्या कापसाचा वास भरून असे. एकदा तसेच बसले असताना म्हणाले, "बसमध्ये शेवटच्या फेरीला असंच वाटायचं. सगळे उतरून गेलेले. मी उगाच ओरडायचो, 'पुढे सरका, पुढे सरका.' ड्रायव्हर हसायचा."

हे काही साइटच्या वाक्यांत नव्हतं. रेकॉर्डर मात्र चालूच होता.

दुपारी जलजाक्षी ती रेकॉर्डिंग घेऊन खिडकीशी बसायची. पडद्यावर नवऱ्याचा आवाज उघडायचा, खडबडीत, पावसाने खणलेल्या रस्त्यासारखा. ती रेघा मारत जाई. प्रत्येक वाक्याच्या आधी एक टोकदार उभी काडी उभी असे. 'च्च'. ती काडी निवडायची आणि काढून टाकायची. खोकला काढला. उसासा काढला. "कुठलं तळं" काढलं. घास घ्यावा तसा पाण्याचा घोट घेतल्याचा आवाज काढला. वाक्यं लखलखीत झाली. साइटवर चढवली, आणि बोटाने आपलं आपण कच्चं रेकॉर्डिंग पुसलं. रोजच्या रोज.

शेवटची खेप पाठवली त्या दुपारी तिला तिथेच बसल्या जागी डोळा लागला. स्वप्नात शहर बस होती, रिकाम्या रस्त्यावरून तरंगत जावी तशी चाललेली. नंजुंडय्या खाकीत, तरणेबांड. बसमध्ये माणसं नव्हती, आवाज बसले होते. 'आ' खिडकीशी पसरून बसला होता, 'स' दांड्याला धरून झुळझुळत होता, 'प' दारात ओठ मिटून, श्वास रोखून उभा. नंजुंडय्या सगळ्यांना तिकिटं फाडून देत होते. बाहेर थांब्यावर आणखी कुणी कुणी उभं होतं. उसासे, खोकले, हसण्याचे तुकडे, आणि त्यांच्यापुढे काठी टेकत उभा राहिलेला एक 'च्च'. ते हात करत होते. बस थांबली नाही. जलजाक्षीने बेल ओढली, पुन्हा ओढली. दोरी नुसती लांबत गेली, तिच्या मांडीवर लोकरीसारखी गुंडाळत राहिली.

जाग आली तेव्हा खिडकीत ऊन कलंडलं होतं. स्वप्न तिला आठवलं, पण अर्थ लावायला सवड नव्हती. दुसऱ्या दिवशी इस्पितळात भरती व्हायचं होतं.

ऑपरेशन नीट झालं. नंजुंडय्या घरी आले ते गळ्याला पांढरी पट्टी लावून. जलजाक्षीने आपल्या जुन्या सुती साडीचे चौकोन कापले, कडा दुमडून शिवल्या आणि भोक झाकायला लहान मुलाच्या लाळेऱ्यासारखे पडदे केले. घरात श्वासाचा आवाज यायचा, बोलण्याचा नाही. ते हाताने दाखवत. ती मोठ्याने बोले, जणू त्यांचे कानही गेले होते. मग त्यांनी कानाला हात लावून डोळे वटारले, तेव्हा तिने आवाज खाली आणला.

टाके निघाल्यावर साइटवरून आवाज तयार होऊन आला. तेजस्विनीने येऊन तो फोनमध्ये बसवून दिला आणि नंजुंडय्यांच्या हातात दिला. "अप्पाजी, लिहा काहीतरी."

त्यांनी एका बोटाने लिहिलं. फोन बोलला. "नमस्कार. मी नंजुंडय्या."

आवाज त्यांचाच होता. तोच घोगरेपणा, तोच 'ड' जरा जास्त वळलेला. तेजस्विनीने टाळ्या वाजवल्या. जलजाक्षी मात्र फोनकडे बघत राहिली. हा माणूस कसा कोरडाठाक बोलत होता. ना दम खात होता, ना वैतागत होता. परीटघडीचा सदरा घालून बैठकीत अवघडून बसलेला कुणीतरी पाहुणा, नवऱ्याच्या चेहऱ्याचा.

नंजुंडय्यांनी पुन्हा लिहिलं. फोन म्हणाला, "हा कोण आहे? बँकेतला साहेब आहे काय?"

तेजस्विनी खळखळून हसली. जलजाक्षी उठून आत गेली.

थोड्या वेळाने तेजस्विनी मागून आली. "अक्का, कच्ची रेकॉर्डिंग असतील ना? त्यातून थोडं घालून बघू. खोकला, हसणं..."

"पुसली."

"सगळी?"

"नियम आहे ना." जलजाक्षी ओट्याकडे तोंड करून उभी होती. "लोकांचे आवाज घरात पडून राहायला नकोत."

तेजस्विनीने अक्काच्या पाठीवर हात ठेवला आणि निघून गेली.

संध्याकाळी पट्टी बदलताना जलजाक्षीने नवऱ्याला सांगितलं. मान खाली घालून, कापूस भिजवता भिजवता. "तुमचं वैतागणं, हसणं, ती शेवटच्या फेरीची गोष्ट. मीच कापलं सगळं. खडे वेचते तसं वेचून फेकलं. ते खडे नव्हते हो."

त्यांनी फोन उचलला नाही. तिच्या मनगटावर दोन बोटं ठेवली, प्रवाशाला 'असू द्या' म्हणावं तशी, आणि पुन्हा मान वर केली, पट्टी लावून घ्यायला.

दिवस गेले. फोनमधला साहेब घरात वावरू लागला. पेपर आला का विचारी, पाणी गरम कर म्हणे. जलजाक्षी उत्तर देई, पण परक्या माणसाला द्यावं तसं, पदर सावरून. खिडकीशी ती बसत नव्हती. संस्थेकडून काम आलं तर नंतर बघते म्हणून टाळत होती.

मग एक दुपार. पुट्टम्मा गजरा देऊन गेली होती, मल्लिगेचा वास घरभर होता. जलजाक्षीने कॉफी करून नंजुंडय्यांच्या हातात पेला दिला आणि स्वयंपाकघरात परतून ती भांडी विसळायला लागली. पाठ बाहेरच्या खोलीकडे. मन कुठेच नाही, नळाखाली हात नुसते हलत होते.

"च्च. कॉफी पातळ आहे."

तिच्या हातातलं भांडं तसंच राहिलं.

'च्च' फोनमधला नव्हता. फोनला तो येतच नव्हता. तो तोंडातला होता, जिभेचा आणि दातांचा, ओला, ताजा, चिडका. श्वास लागत नाही, गळा लागत नाही. तक्त्यावरची चौकट तिनेच किती वेळा दाबली होती. डॉक्टरांनी नेलं त्यात हे गेलंच नव्हतं, आणि तिने पुसलं त्यातही नाही. कडी वाजली होती, आणि मागून बोलणं घरात आलं होतं, साहेबाचं नव्हे, यांचं.

ती वळली नाही. वळली असती तर सुती पडदा दिसला असता, लिहिणारं बोट दिसलं असतं. न वळता उभी होती तोवर आरामखुर्चीत जुनाच माणूस बसलेला होता आणि कॉफीवरून कटकट करत होता.

तिने नळ बंद केला, म्हणजे नीट ऐकू यावं.

"काय म्हणालात?" तिने विचारलं. "ऐकू नाही आलं."