‘न्हाई’ म्हणणारी मॅनेजर

दौंडच्या फलाटावर गाडी उभी होती. पप्पांनी माझी बॅग सीटखाली ढकलली, साखळी लावली आणि कुलूप ओढून पाहिलं. समोरच्या काकूंनी सहज विचारलं, "पोरगी कुठं निघाली?" मी तोंड उघडायच्या आत पप्पा म्हणाले, "कंपनीच्या ट्रेनिंगला. मुंबईला." खिडकीबाहेर उभ्या असलेल्या आईनं गजांतून पाण्याची बाटली आत दिली. रांजणगावच्या कारखान्यातल्या नोकरीचा राजीनामा मी आदल्याच आठवड्यात दिला होता. क्वालिटीमध्ये होते, पर्मनंट झाले होते. आणि आता निघाले होते नाटक करायला, तेही न लिहिलेलं.

इम्प्रोव्ह म्हणतात त्याला. प्रेक्षकांनी एखादा शब्द द्यायचा आणि त्यावर जागच्या जागी प्रसंग उभा करायचा. सोबतचा नट जे म्हणेल ते मान्य करायचं आणि त्यात आपली भर घालायची. पुण्यात शनिवार-रविवारच्या एका शिबिरात मी हे शिकले, पण खोड जुनी होती. दौंडच्या रेल्वे कॉलनीत लहानपणी नाताळच्या नाटकात मी मेंढपाळ होते. ऐन प्रवेशात लाईट गेली आणि वरचा तारा विझला. माझ्या तोंडून निघून गेलं, "आता बेथलेहेमात पन लोडशेडिंग चालू झालं. चला, कंदील घ्या." सगळी मंडळी हसली, पाळकसाहेबसुद्धा. पप्पा मात्र खाली मान घालून बसले होते. घरी आल्यावर म्हणाले, "लोकांनी आपल्याला हसावं, हे काय बरं न्हाई." ते मालगाडीचे गार्ड होते, आणि त्यांचं कमी बोलणं कॉलनीत सगळ्यांना ठाऊक होतं.

मुंबईतले पहिले महिने मी रंगमंचावर अगदी स्वच्छ, पुस्तकातलं मराठी बोलत होते. कुणी हसत नव्हतं. बोलण्याआधी मनात प्रत्येक वाक्य धुऊन घ्यायचे, तोवर प्रसंग पुढे गेलेला असायचा. एकदा कबीर, माझा जोडीदार नट, प्रवासी होऊन आला आणि घाबऱ्याघुबऱ्या म्हणाला, "मॅडम, ये गाडी कहाँ जाएगी?" मी दमले होते, विचार करायचं त्राण नव्हतं. आईच्या आवाजात म्हणाले, "बसा आधी. पाणी प्या. कुठं जायचं ते मग बघू." हॉल हसला. मग कबीरनं जे जे विचारलं, त्याला आईच उत्तर देत गेली. त्या दिवसापासून मला रंगमंचावर कधी भीती वाटली नाही.

त्यानंतर टीव्हीवर कामं मिळू लागली. पण तिथं ‘हाय’, ‘न्हाई’ म्हटलं की हातात झाडू यायचा. मी सलग कामवालीच झाले. त्या भूमिकांबद्दल तक्रार नव्हती, पण मी ज्या बायकांत वाढले त्या शाळा चालवत होत्या, दवाखान्यात वॉर्ड सांभाळत होत्या आणि अशाच बोलत होत्या. म्हणून मी स्वतः लिहायला बसले. मोठ्या ऑफिसची मॅनेजर, आख्खा मजला तिच्या शब्दावर चालतो, आणि ती बोलते शिरूरचं. निर्मात्यांना गोष्ट आवडली. फक्त मॅनेजरची भाषा ‘शुद्ध’ करा, म्हणाले. मी ऐकलं नाही. ते काम गेलं आणि पुढे बराच काळ फोन वाजला नाही. तेव्हा कबीरला घेऊन मी त्या गोष्टीचाच रंगमंचावरचा प्रयोग केला; मॅनेजर मी, साहेब तो, दिग्दर्शनही माझंच. पुणे, नगर, बारामती असं करत तो चालू लागला आणि एका रविवारी दौंडला आला.

पप्पा येणार नाहीत, हे मी धरूनच चालले होते. पडदा उघडला तर ते दुसऱ्या रांगेत, इस्त्रीच्या शर्टात, आईशेजारी. पहिली काही मिनिटं मला फक्त त्यांची खाली घातलेली मान दिसत होती. मग मॅनेजर आपल्या बड्या साहेबाला म्हणते, "सायेब, तुमचं इंग्रजी लई चांगलं हाय. पन हिशोब चुकीचाच हाय." लोकांनी टाळ्या वाजवल्या आणि पप्पांनी मान वर केली. नंतर ती खाली गेली नाही.

प्रयोगानंतर ते मागं आले. कबीरचा हात हातात घेऊन उगाच हलवत राहिले. मग माझ्याकडं वळले. "मला वाटायचं, आपल्या बोलण्याला हसतील. म्हनून नको म्हनत हुतो. पन ह्या बाईनं त्या सायबाला पार गप केलं की."

"पप्पा, ती आईवरून लिहिलीय."

"ते दिसलंच," ते म्हणाले. "मलाबी अशीच गप करती."

आता त्या मॅनेजरची मालिका निघाली आहे, तिच्याच भाषेत. पप्पा निवृत्त झाले, रेल्वेचं क्वार्टर सोडलं, दोघं आईच्या माहेरगावी, शिरूरला राहतात. कॉलनी सोडून नागपूरला, पुण्याला, दुबईला गेलेल्या माझ्या मैत्रिणी विचारतात, ‘तुला दौंडची आठवण येते का गं?’ येते. पण आमच्या क्वार्टरच्या दारावर आता दुसऱ्या कुणाची पाटी आहे आणि त्यांनी पुढे जास्वंद लावली आहे. ती छान फुलते. मला वाईट वाटत नाही.

मागच्या खेपेला शिरूरहून निघताना चपला घालत मी आईला म्हणाले, "निघते. घरी पोचले की फोन करते."

आई थांबली. "मुंबईला घर म्हनलीस."

मी गडबडले. "अगं, सवयीनं आलं तोंडात."

"येऊ दे की," आई म्हणाली आणि पाण्याची बाटली माझ्या हातात दिली. "इतकी वर्सं मला वाटायचं, तू तिथं नुसती ऱ्हातीस."